खोकल्याचं बटण

५ नोव्हेंबर

आजपासून रोजनिशी. कॉलेज सोडलं. कॉलेजने मला काढलेलं नाही, मी कॉलेज सोडलेलं आहे. हा फरक घरात कुणाच्या डोक्यात शिरत नाही म्हणून इथे लिहून ठेवतो.

घडलं असं. प्राध्यापकांनी शिकवता शिकवता थांबून विचारलं, मागच्या बाकावर कोण गुणगुणतंय. मी उभा राहिलो आणि म्हणालो, गुणगुणत नाही, आवाज लावतोय. ते म्हणाले, मग बाहेर जाऊन लाव. वर्गाबाहेर गेलो. रागाचा भर असा की तिथे थांबवेना, फाटकाबाहेर गेलो. मग परत यायला स्वाभिमान आडवा आला.

संध्याकाळी अण्णांना सांगितलं, मी रेडिओवर निवेदक होणार. अण्णा पेपर वाचत होते. पेपर खाली न करता म्हणाले, रेडिओवर धूळ बसलीय, आधी ती पूस.

पुसली.

६ नोव्हेंबर, सकाळ

काल कारण लिहायचं राहिलं. कारण समोर राहतं. समोर औषधांचं दुकान, दुकानाच्या वर घर, घराची डावीकडची खिडकी. औषधवाल्यांची मुलगी रोज संध्याकाळी तिथे रेडिओ लावून विणत बसते. ताईची ती मैत्रीण. गेल्या आठवड्यात ती ताईला म्हणाली, तो संध्याकाळचा निवेदक बोलायला लागला की माझे टाके चुकतात.

टाके चुकतात. हे ऐकल्यावर शहाणा माणूस कॉलेजात बसेल का?

तिच्याशी मी आजवर एकदाच बोललोय. दुकानात. मी म्हणालो, डोकेदुखीची गोळी. ती म्हणाली, किती. सुरुवात झकास झाली होती, पण मी घाईत 'एक' म्हणून गेलो. वीस म्हणायला हवं होतं. मोजायला वेळ लागला असता.

९ नोव्हेंबर

आवाजाचा रियाज. बादलीत तोंड घालून बोललं की आवाजाला खोली येते, हा माझा स्वतःचा शोध. सकाळी तासभर बोललो. ताई बाहेरून म्हणाली, तुझं आणि बादलीचं बोलून झालं असेल तर मला अंघोळ करायचीय.

मोठ्या माणसांना घरात किंमत नसते.

१४ नोव्हेंबर

ऑडिशन. हवामानाचा कागद दिला. 'उद्या आकाश निरभ्र राहील.' या वाक्यात किती व्यथा आहे हे आजवर कुठल्याच निवेदकाने पाहिलेलं नाही. मी ती ओतली. काचेपलीकडे बसलेल्या साहेबांच्या डोळ्यांत पाणी आलं. त्यांनी त्याच सुमारास जांभई दिली हे खरं, पण पाणी आधी आलं. मी पाहत होतो.

२१ नोव्हेंबर

निवड झाली. तात्पुरता निवेदक, संध्याकाळची पाळी. ज्याची निवड झाली होती त्याला गालगुंड झालं म्हणून मला बोलावलं, असं साहेबांनी आपणहून सांगितलं. नको तिथे खरं बोलायची सवय असते काहींना. आई म्हणते, दैव देतं आणि कर्म नेतं. मला गालगुंडाने दिलं. नेणार कोण?

२२ नोव्हेंबर

पहिला दिवस, नुसता बघायचा. दारामागे दार, जमिनीला जाड गालिचा, भिंतींना भोकाभोकांच्या फळ्या. आत बोललेलं भिंत पिऊन टाकते. टेबलावर माईक, समोर मोठी काच, काचेपलीकडे यंत्रांच्या गराड्यात कानाला हेडफोन लावलेला एक इंजिनिअर. तो बोलत नाही. बोट वर करतो, लाल दिवा लागतो, आपण बोलायचं. मी त्याला मनातल्या मनात 'काचेतला' म्हणायला लागलोय.

ज्याच्या आवाजाने टाके चुकतात तो निवेदकही भेटला. केंद्रावर सगळे त्याला भारदस्त म्हणतात. सहा फुटी माणूस असेल असं वाटलं होतं. एवढासा टकलू गृहस्थ, माईकपर्यंत पोचायला खुर्चीवर दोन उशा घेऊन बसतो. तोंड उघडलं की मात्र वाटतं, देवळाचा गाभारा बोलतोय. मला पाहून म्हणाले, या चिरंजीव.

टेबलाच्या कडेला दारावरच्या घंटीसारखं एक बटण आहे. खोकल्याचं बटण. ते दाबून धरलं की माईक मुका होतो. खोका, शिंका, पाणी प्या, कुणाला कळत नाही. सोडलं की पुन्हा चालू. भारदस्त म्हणाले, चिरंजीव, या धंद्यात आवाज सगळ्यांना असतो. हे बटण ज्याला वेळेवर आठवलं तो टिकला.

जाता जाता साहेबांनी वीज पाडली. निवेदकाने नाव कधीही सांगायचं नाही. आवाज केंद्राचा, गळा तेवढा तुमचा.

मग तिला कसं कळणार की तो मी आहे? राजीनाम्याचा विचार केला. पण अजून रुजू झालो नव्हतो.

२४ नोव्हेंबर, संध्याकाळ

पहिलं प्रसारण. ताईला मुद्दाम समोर पाठवलं होतं. येऊन म्हणाली, ती म्हणाली की हा नवीन कोण, बादलीतून बोलल्यासारखा बोलतो.

बादली ओळखली! एवढा तयार कान या गल्लीत दुसऱ्या कुणाला नाही. आमचं जमणार.

२५ नोव्हेंबर

ताईला म्हणालो, तिला सांग की तो मी आहे. ताई म्हणाली, तुझं तोंड काय भाड्याने दिलंयस? म्हणालो, मी केंद्राचा आवाज आहे, मला खाजगी बोलता येत नाही. मग मार्ग सुचला. मी हवामानाच्या आधी दोनदा हलकेच खोकणार. बटण न दाबता. ताईने तिला एवढंच सांगायचं, की तो खोकला कुणासाठी तरी आहे, आणि कुणासाठी ते ओळख. बदल्यात मी महिनाभर ताईच्या कपड्यांना इस्त्री करायची. ताई म्हणाली, कबूल.

निरोप्या घरचाच असला की काळजी नाही.

२७ नोव्हेंबर

खोकलो. पहिला खोकला विनयशील, दुसरा जरा आर्जवी. कलेच्या दृष्टीने निर्दोष.

साहेबांनी केबिनमध्ये घेतलं. बटण कशाला दिलंय? मी म्हणालो, कडक आहे, दाबलं तरी दबत नाही. त्यांनी काचेतल्याला बोलावलं. तो आला, बटणावर बोट ठेवलं. सहज दबलं. माझ्याकडे पाहिलं, खिशातून तेलाची कुपी काढली, आत दोन थेंब सोडले आणि गेला. आता ते बटण नुसतं फुंकर घातली तरी खाली जातं. मला मेमो मिळाला. उद्या पुन्हा खोकणार.

१ डिसेंबर

खोकला नियमित. इस्त्री दोन दिवस केली, मग हात भाजला. कलावंताने हात जपावेत.

प्रसारणाच्या आधी अर्धा तास स्टुडिओ रिकामा असतो. लाल दिवा बंद, भिंती अशा की देवालाही ऐकू जाऊ नये. तिथे बसून मी तिच्याशी बोलायचा सराव करतो. थेट माईकसमोर, म्हणजे भीड चेपते. आज एक वाक्य सापडलं: 'तुमच्या खिडकीतला दिवा लागला की माझा दिवस सुरू होतो.' वेगवेगळ्या लयीत म्हणून पाहिलं. काचेपलीकडे काचेतला एकटाच, हेडफोन लावून, कसल्या तरी गाण्यावर मान हलवत बसलेला. सुखी माणूस.

५ डिसेंबर

टपालाचं पोतं आलं. केंद्राला एवढी पत्रं कधीच आली नव्हती म्हणे, एकदा सकाळची भजनं उलटी वाजली होती तेव्हा सोडून. सगळी पत्रं खोकल्याबद्दल. निवेदकाला वाफ द्या. छातीला तेल चोळा. मध चाटवा. एका निवृत्त सुभेदारांनी लिहिलंय, पोराला माझ्याकडे पाठवा, पहाटे टेकडीवर पळवतो. एका आजींनी विचारलंय, याच्या घरी कुणी बाईमाणूस आहे की नाही?

साहेबांनी पुन्हा केबिनमध्ये घेतलं. यावेळी बसा म्हणाले. पहिला मेमो रद्द झाला. नवा मेमो मिळाला: रोज खोकावे.

बंडखोराचं असंच असतं. आधी शिक्षा, मग नियम.

८ डिसेंबर

ती काहीतरी लांबट, करड्या रंगाचं विणतेय. निरखून पाहिलं. मफलर आहे. मफलर कुणासाठी विणतात? ज्याला खोकला आहे त्याच्यासाठी. आता यात शंकेला जागा राहिली असेल तर ती गणितवाल्यांनी दाखवावी.

१० डिसेंबर

ताई म्हणाली, त्यांचा रेडिओ हल्ली खरखरतोय, धड ऐकू येत नाही. म्हणजे माझा खोकला तिला खरखरीतून वेगळा काढावा लागतोय.

तडक काचेतल्याकडे गेलो. म्हणालो, समोरच्यांचा रेडिओ दुरुस्त करून दे. त्याने मान आडवी हलवली. लाजाळू आहे. खांद्यावर हात ठेवला, म्हणालो, मित्रासाठी एवढं कर, दार मी दाखवतो. तरी तयार होईना. शेवटी हाताला धरून त्यांच्या जिन्यापर्यंत नेऊन सोडला. वर जायच्या आधी त्याने खिशातून फणी काढून भांग पाडला. तांत्रिक माणसं साधं कामही किती मनावर घेतात.

१३ डिसेंबर

काचेतला पुन्हा गेला. एक व्हॉल्व गेलाय म्हणे. म्हणजे तो 'व्हॉल्व' एवढंच म्हणाला.

१६ डिसेंबर

तिसऱ्यांदा गेला. रेडिओ जुना दिसतो. मीच म्हणालो, घाई नको, कसून दुरुस्त कर, रोज जा. त्याने चक्क माझा हात हातात घेऊन दाबला. डोळे ओलावले होते. माणसाला कुणी विश्वासाने काम सांगितलं की असं होतं.

१९ डिसेंबर

संतापाचा दिवस.

माझ्या सुटीच्या दिवशी खोकला ऐकू येत नाही, अशी श्रोत्यांची तक्रार. साहेबांचा आदेश: आवाज केंद्राचा तसा खोकलाही केंद्राचा, यापुढे सर्व निवेदकांनी खोकावे. भारदस्त खवळले. म्हणाले, साहेब, हयात गेली, या माईकसमोर मी साधा श्वास ऐकू दिला नाही. साहेब म्हणाले, आता देणार आहात.

आणि मग संध्याकाळी ते खोकले. काय लिहू? लाकडी पुलावरून भरली बैलगाडी जावी तसा तो खोकला. घुमला, टेकला, थांबला. काचेतल्याने हेडफोन काढून नमस्कार केला.

घरी आलो तर ताई म्हणाली, समोर सगळे म्हणतायत, आज निवेदकाला खरं बरं वाटलेलं दिसतंय, काय मोकळा खोकला.

राजीनामा लिहिला. साहेब घरी गेले होते. खिशात ठेवला.

२३ डिसेंबर

गावाला खोकला लागलाय. हवामानाच्या वेळेला रस्त्यावरून गेलं तर दर घरातून खोकला. बँकेतला कारकून सही घ्यायच्या आधी खोकतो. अण्णासुद्धा आता बोलण्याआधी दोनदा खोकतात. विचारलं तर म्हणाले, शब्दाला वजन येतं. मग खोकले आणि म्हणाले, कॉलेजचं काय ठरवलंस.

औषधवाल्यांच्या दुकानात खोकल्याच्या औषधासाठी रांग. मी रांगेत होतो, सहज. ते बाटल्या बांधता बांधता म्हणाले, त्या रेडिओवरच्या निवेदकाला देव कधी बरा न करो. मी नम्रपणे मान झुकवली. सासऱ्यांचा पहिला आशीर्वाद असा नकळत मिळणं फार थोड्यांच्या नशिबी असतं.

ती दुकानात नव्हती. वर रेडिओची दुरुस्ती चालली होती.

२९ डिसेंबर

अधःपात. माणसाच्या खोकल्याचा भरवसा नाही, आज बरा येतो उद्या वाईट, म्हणून साहेबांनी भारदस्तांच्या खोकल्याची तबकडी करून घेतली. यापुढे तीच वाजणार. माझं काम: 'आता हवामान' म्हणायचं, थांबायचं, तबकडीवर सुई ठेवायची, त्यांचा खोकला होऊ द्यायचा, मग पुढे वाचायचं.

माझा खोकला. माझं प्रेम. आणि सुई ठेवायला मी.

साहेबांच्या केबिनचं दार आपटलं. ते दार स्टुडिओसाठी असतं तसलं, आवाज न होणारं. हळूच मिटलं.

३ जानेवारी

ताई म्हणाली, समोरच्या तुझ्या त्या देवीचं ठरतंय. मी विचारलं, कुणाशी? ताई म्हणाली, तांत्रिक लाईनमधला कुणी आहे. मी पुढचं ऐकून घेतलं नाही. पाण्याचा तांब्या फेकला. तो रिकामा होता, तरी आई ओरडली.

असेल कुणी धरणं बांधणारा. पैशाच्या जोरावर मागणी घालत असेल. बिचारी नाही म्हणू शकली नसेल. मफलर तर पुरा होत आलाय.

निश्चय. आठवड्याअखेर घरच्यांची बोलणी आहेत. त्याच्या आत मी माईकवरून, लाल दिवा लागलेला असताना, साऱ्या गावासमोर तिच्याशी बोलणार. नोकरी गेली तर गेली. तबकडी नाही, सुई नाही. माणूस बोलेल.

४ जानेवारी

भाषण लिहिलं. पानभर. सुरुवातीला खिडकीतल्या दिव्याचं वाक्य. शेवटी दोनदा खोकला, स्वतःचा.

काचेतल्याला सांगावंसं वाटलं. त्याच्या गळ्यात नवा मफलर होता, करड्या रंगाचा. हल्ली बाजारात तोच रंग चाललेला दिसतो. तो फार खुशीत होता, म्हणून माझं दुःख सांगून त्याला उदास केलं नाही.

६ जानेवारी, संध्याकाळ

बोललो.

जे झालं ते जसंच्या तसं. 'आता हवामान' म्हणालो. सुईला हात लावला नाही. खुर्ची पुढे ओढली, दोन्ही कोपरं टेबलावर टेकली, माईकवर झुकलो आणि बोललो. पान संपलं तरी थांबलो नाही. जे कधी लिहिता आलं नसतं तेही बोलून गेलो. काचेतला पलीकडे उभा राहून दोन्ही हात हलवत होता, काचेवर बोटं आपटत होता. भारावला होता. शेवटी दोनदा खोकलो, उठलो आणि कागद तिथेच टाकून तडक बाहेर पडलो. हवामान वाचलं नाही. ज्याने आपलं आकाश उघडं केलं त्याने निरभ्रबिरभ्र काय सांगायचं.

बोळात भारदस्त कॅन्टीनकडून धावत येत होते, दोन उशांविना, धापा टाकत. मी त्यांना वाट करून दिली.

घरी सगळे रेडिओभोवती बसलेत. अण्णांनी पेपर खाली ठेवलाय. माझ्याकडे पाहून नुसते म्हणाले, तू आहेस होय. शब्द सुचले नसतील.

७ जानेवारी

सकाळी केंद्राच्या फाटकाशी हीऽऽ गर्दी. हातात फुलं. पांढरी. प्रेमाला पांढरा रंगच शोभतो. मी गर्दीतून वाट काढत गेलो. कुणी ओळखलं नाही, नावच माहीत नाही तर ओळखणार कसं. एका आजींनी माझ्या हातात फूल दिलं आणि म्हणाल्या, वाहा बाळ तूही. सुभेदारांनी टोपी काढलेली. मी सगळ्यांना हात जोडले. गर्दीतला एक हुंदकाही आनंदाचा वाटला मला.

आत साहेब डोकं धरून बसले होते.

जे त्यांनी सांगितलं ते लिहायला हात धजत नाही. थोडक्यात: खोकल्याचं बटण. तेल घातलेलं. माझं उजवं कोपर सुरुवातीपासून शेवटपर्यंत त्याच्यावर होतं. माझं एक अक्षर बाहेर गेलेलं नाही. गावाने ऐकलं ते असं: 'आता हवामान.' मग खोकला नाही. मग शांतता, एवढी की लोकांनी रेडिओ उचलून हलवले. मग भारदस्तांचा धापा टाकणारा, कापणारा आवाज: 'उद्या... आकाश... निरभ्र राहील.'

यावरून लोकांनी काढायचा तो अर्थ काढला. खोकणारा निवेदक गेला.

म्हणालो, मी आत्ता माईकवर जातो आणि सांगतो, आहे म्हणून. साहेब म्हणाले, अहो, बाहेर फुलं बघा, त्यांना आता काय सांगू, कोपर होतं? केंद्राची अब्रू आहे काही. उद्या श्रद्धांजली आहे. तुमच्या हातून एवढं एकच मोठं काम झालंय, ते बिघडवू नका.

राजीनामा खिशातून काढला. घड्या पडून चिरला होता. त्यांनी तसाच घेतला.

८ जानेवारी, संध्याकाळ

माझी श्रद्धांजली ऐकली. भारदस्त बोलले. 'तो आला, खोकला, आणि आपल्यातून निघून गेला.' मग तबकडी लावली. त्यांचीच. अण्णांनी आवाज मोठा केला. आईने डोळे पुसले. मी म्हणालो, आई, मी इथे बसलोय. आई म्हणाली, माहीत आहे रे, पण किती छान बोलतात ते.

खिडकीतून पाहिलं. समोर तीही रडत होती. माझ्यासाठी. धरणवाल्याची आता काय टाप. उद्या जाऊन सांगतो की मी जिवंत आहे. यापेक्षा मोठी भेट कुठल्या प्रियकराने दिली असेल?

रात्रभर खिडकीत उभा होतो. गार वारा होता. घसा धरलाय.

९ जानेवारी, सकाळ

जायच्या आधी ताईला विचारलं, माझा निरोप तिने कसा घेतला होता? ताई म्हणाली, कुठला निरोप? तू दोनच दिवस इस्त्री केलीस, त्यातही बाही जाळलीस.

हरकत नाही. आज समोरासमोरच.

९ जानेवारी, दुपार

सावकाश लिहितो. ताप आहे.

दुकानात औषधवाले नव्हते, मंगल कार्यालय बघायला गेले होते. काउंटरवर ती. शिडीवर काचेतला, दुकानातला कर्णा दुरुस्त करत होता. गळ्यात तो मफलर. घरचाच असल्यासारखा खिळे तोंडात धरून.

ती म्हणाली, अरे, तू माझ्या मैत्रिणीचा धाकटा भाऊ ना? अरेतुरे म्हणजे जवळीकच, असं मला क्षणभर वाटलं.

आवाज निघत नव्हता. जेमतेम म्हणालो, तो निवेदक मी आहे. मी मेलेलो नाही. ती म्हणाली, तू पण? परवापासून चारपाच जण येऊन हेच सांगून गेले. दूधवालासुद्धा. मी म्हणालो, खोकून दाखवतो. आणि खोकलो. यावेळी खोटा नव्हता, आतड्यापासून आला, डोळ्यांपुढे अंधारी आली.

तिने डोकं एका बाजूला कलवून ऐकलं. म्हणाली, नाही रे. त्याचा कसा गोल होता. तुझा फार करवतीसारखा येतो.

मी साक्षीसाठी शिडीवरच्याकडे पाहिलं. त्याने तोंडातले खिळे काढले. मला वाटलं, मेलो. पण तो म्हणाला, अगं, यांचाच. हेच ते. माणूस सच्चा आहे, हे मी मान्य करतो. ती हसून म्हणाली, तुम्हाला जगात सगळेच चांगले वाटतात. आणि मला म्हणाली, हे असेच. दिवसभर एक शब्द बोलत नाहीत. पण मागणी घालताना काय बोलले माहितीय? तुमच्या खिडकीतला दिवा लागला की माझा दिवस सुरू होतो. मी म्हटलं, आई, मला हेच पाहिजेत.

मी शिडीकडे वळलो. तो कानाच्या पाळीपर्यंत लाल झाला होता. खाली उतरून जवळ आला, हळूच म्हणाला, दिवा बंद असला तरी माईक आमच्याकडे चालूच असतो हो. रोज कानावर पडून पाठ झालं होतं. ऐनवेळी दुसरं काही आठवेना.

भांडायला तोंड उघडलं. खोकला आला.

एक गोष्ट मात्र सिद्ध झाली. वाक्य उत्तम होतं. पहिल्याच प्रयत्नात लागू पडलं. माणूस तेवढा बदलला.

तिने बाटली दिली. चिठ्ठी स्वतःच्या हाताने लिहून वर चिकटवली. तिचं अक्षर मी पहिल्यांदा पाहिलं. सुरेख आहे.

'एक चमचा, तीन वेळा. बोलणे टाळावे.'

१० जानेवारी

आवाज पूर्ण गेला. कॉलेजला जाऊन प्राध्यापकांना काय सांगायचं ते लिहून ठेवलंय. वाचून दाखवायला ताईला न्यावं लागेल. ती म्हणते, आधी महिनाभराची इस्त्री.

अण्णा पेपर वाचतायत. दोनदा खोकले. पेपर खाली न करता म्हणाले, रेडिओवर धूळ बसलीय.

उत्तर देता येत नाही.

पुसली.